चाक कोण उघडणार?

केडगावात गाडी बंद पडली तर ढकलायला दोन माणसं मिळण्याची मारामार. पण ती का बंद पडली हे सांगायला गल्ली लोटते. यात केडगावकरांचा दोष नाही. सगळ्या नगरचाच गाड्यांशी जुना घरोबा आहे. (नगर म्हणजे अहिल्यानगर. २०२४ मध्ये नाव बदललं. पण पुण्याहून येणारा माणूस कंडक्टरकडे अजून नगरचंच तिकीट मागतो आणि कंडक्टरही मुकाट्यानं देतो.) लष्कराच्या चिलखती दलाचं केंद्र आणि प्रशिक्षण शाळा नगरला. रणगाड्यांचं संग्रहालय नगरला. लष्करी वाहनांवर संशोधन करणारी डीआरडीओची संस्था नगरला, आणि तिच्या पत्त्यातच वाहननगर आहे. दौंड रोडला कायनेटिकचा कारखाना. १९७२ साली निघालेली लूना नगरच्या हातांनी जोडली. एमआयडीसीत बॅटऱ्या होतात, स्विचगिअर होतं. या सगळ्या ठिकाणांहून निवृत्त झालेला माणूस घर बांधायला प्लॉट बघत पुणे रोडला लागतो आणि बायपासच्या आत केडगावात येऊन स्थिरावतो. त्यामुळे आमच्या भूषणनगरच्या एका गल्लीत जेवढं यांत्रिक ज्ञान साठलेलं आहे, तेवढं एखाद्या पॉलिटेक्निकात नसेल. अडचण एकच. हे सगळं ज्ञान उभ्यानं दिलं जातं. खाली बसून चाक उघडायला कुणी तयार नसतं.

आमच्या दाजींच्या गाडीत पिवळा दिवा लागला तेव्हा या ज्ञानाचं समग्र दर्शन घडलं.

दाजींनी पुण्याच्या एका गृहस्थाकडून जर्मन बनावटीची जुनी गाडी घेतली होती. एमएच-१२ ची पाटी बघून नवखे लोक दाजींना पुण्याचे पाहुणे समजत आणि चहा घेणार का असं विचारत. जुने लोक ‘ॲव्हरेज किती देते?’ असं विचारत. दाजी पहिल्या प्रश्नाला हो म्हणत आणि दुसरा ऐकू आला नाही असं दाखवत. अशी ही सुखानं चाललेली गाडी एकदा पुण्याहून परतताना कामरगावच्या घाटात आली, आणि डॅशबोर्डवर एक दिवा उगवला. मध्ये गोल, दोन्ही बाजूंना तुटक-तुटक कंस. दाजींनी तो सूर्याचं चित्र समजून एसी वाढवला.

घरी आल्यावर ताईनं डिकीतून गाडीचं पुस्तक काढलं. ते जर्मन भाषेत होतं. ताईनं ते परत ठेवलं आणि दाजी गल्लीत आले. इथं खरं तर विषय संपायला हवा होता, कारण या दिव्याइतकं सरळ बोलणारं गाडीत दुसरं काही नसतं. ब्रेकचे दिवे मुख्यतः तीन. गोलात उद्गारचिन्ह असलेला लाल दिवा म्हणजे एकतर हँडब्रेक ओढलेला राहिलाय, नाहीतर ब्रेक ऑइल कमी झालंय; हँडब्रेक सोडूनही तो गेला नाही तर गाडी बाजूला घ्यायची आणि पुढे न्यायचीच नाही. एबीएस अशी अक्षरं उमटली तर ब्रेक लागतात, पण करकचून दाबल्यावर चाक लॉक होऊ न देणारी यंत्रणा रजेवर गेलेली असते. आणि तुटक कंसांचा पिवळा दिवा म्हणजे पॅड झिजले. तो आरडाओरडा करत नाही. या आठवड्यात जमवा, एवढंच म्हणतो. त्याचा हा सौम्य स्वभावच त्याला भोवतो. आपल्याकडे सौम्यपणे सांगितलेलं आजवर कुणी ऐकलंय?

सगळ्यात आधी आले रिसालदार साहेब. चिलखती दलातून निवृत्त. सकाळी फिरायला जाताना अजून रस्त्याच्या मधून चालतात आणि टेम्पो बाजूनं जातात. त्यांनी दिव्याकडे तुच्छतेनं पाहिलं. “आमच्या टी-५५ ला असली थेरं नव्हती. छत्तीस टनाचं धूड. दोन दांडे. डावा ओढला की डावीकडे, उजवा ओढला की उजवीकडे, दोन्ही ओढले की जागच्या जागी उभं.”

“आणि नाही उभं राहिलं तर?” दाजींनी विचारलं.

“तर समोरचा उभा राहायचा.”

दुसरे आले लूनावाले काका. त्यांची हयात लूनाच्या असेंब्लीत गेली आणि जगातलं प्रत्येक वाहन ही बिघडलेली लूना आहे अशी त्यांची श्रद्धा आहे. “केबल ढिली पडली असणार. चाकापाशी नट आहे बघा, दोन आटे द्या, बास.” काकांचं निदान लूनापुरतं शंभर टक्के बरोबर होतं. लूनाला दोन्ही चाकांना ड्रम ब्रेक, दोन्ही हातानं दाबायचे, केबलनं ओढले जायचे. आतलं लायनिंग झिजलं की हँडल सैल होऊन मुठीपर्यंत यायचं. म्हणजे झिजल्याची बातमी लूना थेट तुमच्या हातात आणून देई. दाजींच्या गाडीला पुढं-मागं डिस्क ब्रेक; तिथं केबल नाही, नटही नाही. पेडल दाबलं की ब्रेक ऑइल पिस्टन ढकलतं आणि पिस्टन पॅडला डिस्कवर दाबतो. पॅड जेवढा झिजेल तेवढा पिस्टन बाहेर येऊन थांबतो आणि त्याच्यामागची रिकामी जागा ऑइल भरून काढतं. पेडल आपल्या जागी, ब्रेक टकाटक. बारा मिलिमीटरचा पॅड तीनवर आला तरी पायाला पत्ता लागत नाही. ही डिस्क ब्रेकची खुबी आहे आणि खोडही. म्हणूनच त्या बिचाऱ्या दिव्याला नोकरीवर ठेवावं लागलं. स्वस्तातल्या गाड्यांत दिव्याऐवजी पॅडला पत्र्याची एक जीभ असते. ती वेळ आली की डिस्कला टेकून किंचाळायला लागते. माझं मत विचाराल तर आपल्या लोकांना ही किंचाळणारी जीभच बरी.

काकांनी चाकाच्या बाहेरून नट शोधला. सापडला नाही. मग “जर्मन लोक नट लपवून ठेवतात” असं सांगून ते भाजी आणायला गेले.

तिसरा सल्ला आला समोरच्या बंगल्यातून. तिथले भाऊ छोटी गाडी चालवतात आणि मोठ्या गाडीवाल्यांना आनंदानं मदत करतात. “माझ्या गाडीत पण ब्रेकचा दिवा लागला होता. ऑइल टाकलं, गेला. आज दोन वर्षं झाली.” हे ऐकून मी त्यांच्या गाडीतून मार्केट यार्डला जायचं बंद केलं, कारण त्यांच्या दिव्याची गोष्ट दाजींच्या दिव्याहून गंभीर होती. बऱ्याच साध्या गाड्यांत पॅडवर सेन्सर नसतो. पॅड झिजले की पिस्टनमागं ऑइल भरत जातं, बॉनेटखालच्या डबीतली पातळी उतरते आणि त्या डबीतला तरंगता सेन्सर लाल दिवा लावतो. एकतर ऑइल कुठंतरी गळतंय, नाहीतर पॅड संपत आलेत, एवढाच त्याचा अर्थ. नुसतं ऑइल ओतलं की पातळी वर, दिवा बंद, आणि पॅड जसेच्या तसे संपत राहतात. दाजींच्या गाडीचा दिवा पिवळा आहे, ऑइलचा नाही, हे मी सांगेपर्यंत भाऊंनी डबी काठोकाठ भरली होती. “कमी-जास्त असेल तर असू द्या,” ते म्हणाले. त्या जास्तीचं पुढं काय झालं ते सांगतोच.

दरम्यान दाजींच्या आईंनी वेगळी आघाडी उघडली होती. गाडी पुण्याहून आली ती परस्पर बायपासनं घरी आली. केडगावच्या रेणुकामातेला नारळ फोडलाच नाही, म्हणून हे विघ्न. नवरात्रात लांबलांबून लोक देवीला पायी येतात आणि यांना दारातून जाता येत नाही! मुद्दा बिनतोड होता. गाडी देवीला नेली, नारळ फुटला, लिंबू-मिरची बांधली, चाकाखाली लिंबू ठेवून गाडी पुढं घेतली. आता, चाकाखालचं लिंबू ठेवायला माणूस वाकतो. त्याच वेळी त्यानं रिमच्या फटीतून आत नजर टाकली असती, तर बाहेरचा पॅड दिसला असता. पण लिंबू ठेवणाऱ्याची श्रद्धा अढळ होती. त्यानं इकडंतिकडं पाहिलं नाही.

एकानं उंदराचं नाव घेतलं. नेप्तीच्या कांदा मार्केटला दाजींची नेहमीची ये-जा; गाडी गोण्यांच्या कडेला उभी असते; उंदीर बॉनेटमध्ये शिरला आणि तार खाल्ली. त्याला सगळे हसले. खरं तर एवढ्या गर्दीत विचार करून बोललेला हा एकटाच. पॅड शाबूत असताना हा दिवा लागला तर तार तुटलेली, कनेक्टरमध्ये चिखल-पाणी गेलेलं किंवा उंदरानं काम केलेलं, हीच कारणं निघतात. पण केडगावात ज्याला हसतात तो पुन्हा बोलत नाही.

शेवटी मैदानात उतरला दाजींचा पुतण्या. आयटीआय इलेक्ट्रिशियन, खिशात टेस्टर. त्यानं मोबाइलवर काहीतरी पाहिलं, गाडीखाली हात घातला आणि दोन तारा ओढून बाहेर काढल्या. या गाड्यांत पॅडच्या पोटात सेन्सर असतो आणि त्यातून तारेचं एक वेटोळं गेलेलं असतं. पॅड ठरावीक जाडीपर्यंत झिजला की फिरती डिस्क सेन्सरचं टोक खाते, वेटोळं तुटतं, करंट थांबतो आणि गाडीच्या डोक्यात दिवा पेटतो. पुतण्यानं तुटलेल्या वेटोळ्याला वगळून दोन तारा एकमेकींना पिळल्या आणि वर काळी टेप गुंडाळली. करंट सुरू. दिवा बंद. गाडीला वाटलं, पॅड नवे आले. गल्लीलाही तेच वाटलं. दाजींनी सगळ्यांना वडापाव मागवले आणि रिसालदार साहेबांनी पुतण्याच्या पाठीवर थाप मारून “ये हुई ना बात” असं म्हटलं. बातमी आणणाऱ्याचं तोंड बांधलं की लढाई जिंकली, हे शास्त्र साहेब लष्करात कुठं शिकले असतील देव जाणे.

पुढचे काही आठवडे दिव्याविना फार छान गेले. दाजी दर आठवड्याला पुण्याला जात होते. नगर-पुणे रस्त्यावर ब्रेक घाटात झिजत नाहीत, ते शिक्रापूर आणि वाघोलीत झिजतात. तिथं गाडी चालवायची नसते, सोडायची आणि दाबायची असते. आणि एका संध्याकाळी केडगावच्या गतिरोधकावर दाजींच्या गाडीनं ‘खर्रर्र’ असा आवाज काढला. मेडिकलमधला माणूस बाहेर आला.

पुन्हा सभा भरली. खडा अडकलाय. बेअरिंग गेलं. नवीन टायर असाच बोलतो. जर्मन गाडीला आपलं पेट्रोल मानवत नाही. लूनावाले काका म्हणाले, मी तेव्हाच सांगितलं होतं, नट. दाजी मात्र घाबरले होते, कारण आवाज हा दिव्यासारखा टेप लावून बंद होत नाही. ते उठले आणि गाडी हळूहळू बायपासकडच्या एका गॅरेजला घेऊन गेले. सभा दोन मोटारसायकलींवर मागोमाग.

मिस्त्री मितभाषी होता. त्यानं सगळ्यांचं ऐकून घेतलं. दिवा, लिंबू, उंदीर, ऑइल, टी-५५. मग एवढंच विचारलं, “चाक उघडून पाहिलं का?”

सभेनं एकमेकांकडे पाहिलं. रिसालदार साहेब आकाशाकडे पाहत होते.

मिस्त्रीच्या पोऱ्यानं जॅक लावला, पान्यानं बोल्ट सोडवले, चाक बाजूला ठेवलं. चहा यायच्या आत सगळं उघड झालं. बाहेरच्या पॅडला अजून निम्मा मसाला शिल्लक होता. आतला पॅड मात्र पार संपून लोखंडी पट्टी डिस्कवर घासत होती आणि डिस्कवर ग्रामोफोनच्या तबकडीचे चर पडले होते. लिंबू ठेवणाऱ्यानं फटीतून पाहिलं असतं तरी बाहेरचाच पॅड दिसून समाधान झालं असतं, हेही त्यातून कळलं. आतला-बाहेरचा असा दुजाभाव का? कॅलिपर ज्या दोन पिनांवर सरकतो त्या गंजून जाम झाल्या होत्या. पिस्टन आतल्या बाजूला. तो आतला पॅड दाबतो आणि मग अख्खा कॅलिपर सरकून बाहेरचा पॅड ओढतो. सरकणंच बंद झालं की सगळा भार आतल्यावर. नुसते पॅड बदलून पिना तशाच ठेवल्या असत्या तर नव्या पॅडचंही हेच झालं असतं. मिस्त्रीनं पिना घासल्या, उष्णतेला टिकणारं ग्रीस लावलं. डिस्क मोजली, डिस्कच्या कडेलाच तिची किमान जाडी कोरलेली असते, त्याच्या खाली गेली की लेथवर नेऊन उपयोग नाही, बदलायची. ही गेली होती. दिवा लागला त्या आठवड्यात आले असते तर पॅडवर भागलं असतं. वडापावचा खर्च असा डिस्कवर येऊन पडला.

दाजींमधला व्यापारी जागा झाला. “दुसऱ्या बाजूचं चांगलंच असेल ना? या एकाच चाकाचं करू.”

मिस्त्रीनं पायाकडे बोट दाखवलं. “एका पायात नवा बूट आणि दुसऱ्यात झिजलेली स्लीपर घालून पळा बरं शेठ. कुठल्या अंगाला जाताय ते सांगा.” पॅड आणि डिस्क नेहमी जोडीनं, दोन्ही बाजूंचे. दाजींनी मान खाली घातली. मग ‘ओरिजनल का लोकल’ यावर सभेत मतदान झालं. ते मिस्त्रीनं मोजलंच नाही.

आता भाऊंनी टाकलेल्या जास्तीच्या ऑइलची गोष्ट. नवे जाड पॅड बसवायचे तर बाहेर आलेला पिस्टन मागं ढकलावा लागतो आणि त्याच्यामागचं ऑइल परत डबीत जातं. डबी काठोकाठ. पोऱ्यानं पिस्टन दाबला आणि बॉनेटखालून ऑइल वाहत मडगार्डवर आलं. ब्रेक ऑइल रंग खातं. मिस्त्री ओरडला, “पाणी मार, पाणी!” बादलीभर पाणी मारलं तरी हाताच्या पंजाएवढा जर्मन रंग फिकट पडला. भाऊ तेव्हा सभेत दिसले नाहीत.

चाकं चढली तशी दाजी उत्साहानं आत बसून गाडी मागं घ्यायला निघाले. मिस्त्रीनं दारातच हात घातला. पिस्टन मागं ढकललेले असतात. पहिल्या दाबाला पेडल थेट तळाला जातं आणि गाडी थांबत नाही. आधी उभ्या गाडीत पेडल मारत राहायचं, कडक लागेपर्यंत. घरी स्वतः पॅड बदलणारे हौशी लोक इथंच गॅरेजची भिंत पाडतात. “आणि पहिले दोन-तीनशे किलोमीटर करकचून ब्रेक मारू नका, पॅड-डिस्क एकमेकांत बसू द्या,” मिस्त्री म्हणाला. त्यानं पुतण्याची गाठही सोडली होती. त्यामुळे सगळं नवंकोरं बसवून चावी फिरवली, तर पिवळा दिवा हजर.

सभेत आनंदाची लाट उसळली. पॅड बदलूनही दिवा! म्हणजे रोग दुसराच होता! मिस्त्रीनं शांतपणे खाल्लेला सेन्सर दाखवला. हा एकदाच तुटतो; पॅडबरोबर तोही नवा घालायचा. नगरात मिळाला नाही, म्हणून दाजींनी ऑनलाइन मागवला. पत्ता लिहिला: केडगाव. महाराष्ट्रात केडगाव एकच नाही हे आम्हा केडगावकरांना कायम विसरायला होतं. एक आमचं, दुसरं दौंड तालुक्यातलं, पुणे-दौंड रेल्वेमार्गावरचं स्टेशन, पंडिता रमाबाईंच्या मुक्ती मिशनचं. पुण्याहून निघालेला सेन्सर तिकडं गेला. कुरियरवाल्यानं फोन केला, “साहेब, स्टेशनपाशी उभा आहे.” दाजी म्हणाले, “देवीपाशी या.” तो म्हणाला, “कुठली देवी?” दाजींच्या आईंनी फोन हातात घेतला, त्यामुळे पुढचं संभाषण इथं देत नाही.

सेन्सर यथावकाश योग्य केडगावी पोहोचला. तो बसवून, मेनूत जाऊन नोंद पुसल्यावर दिवा विझला आणि विझलेलाच आहे. गल्लीत श्रेयाची वाटणी झाली: आईंच्या मते नारळ, काकांच्या मते कुठंतरी नट होताच, पुतण्याच्या मते तारा. मिस्त्रीचं नाव कुणी काढलं नाही. त्यानं फक्त चाक उघडलं होतं.

तेव्हा जुनी गाडी घ्यायला निघालेल्या वाचकांना एवढंच सांगणं आहे. इंजिन सुरू न करता आधी नुसती चावी फिरवा. इशाऱ्याचे बहुतेक दिवे क्षणभर लागले पाहिजेत आणि इंजिन सुरू झाल्यावर विझले पाहिजेत. हँडब्रेकचा तेवढा हँडब्रेक सोडल्यावर. त्यातला एखादा लागलाच नाही, तर तो दिवा काढलाय किंवा त्यावर टेप आहे अशी शंका घ्या. आणि सगळे लागून विझले तरी पुतणे सगळ्या गावांत असतात, म्हणून मालकाशी भावाचं बोलणं करण्याआधी पान्याचे पैसे तुम्ही द्या आणि चारही चाकं उघडायला लावा. चालढकल करू लागला तर गाडी तिथंच सोडा आणि एसटीनं घरी या.